कालयात्री : एका काल्पनिक संशोधकाचे जीवन आणि वारसा

उद्दिष्टे

या घटकाचा अभ्यास केल्यानंतर आपणांस –

• कालप्रवासाच्या कथांतील दैवी योग, जादू आणि यंत्र या तीन साधनांमधील फरक सांगता येईल.
• एच. जी. वेल्स यांच्या कालयात्री या पात्राची जडणघडण स्पष्ट करता येईल.
• व्याकरणातील काळ आणि व्यवहारातील काळ यांचा संबंध मराठी उदाहरणांनी दाखवता येईल.
• साहित्यातील साक्ष आणि पुरावा यांचे कार्य ओळखता येईल.

१. प्रास्ताविक

विद्यार्थिमित्रहो, चरित्र म्हटले की आपल्यासमोर काही ठरावीक गोष्टी येतात : जन्मतिथी, आईवडील, शिक्षण, कर्तृत्व आणि मृत्यू. या घटकात आपण ज्याच्या चरित्राचा विचार करणार आहोत, त्याच्याबाबतीत यांपैकी जवळजवळ काहीच उपलब्ध नाही. त्याचे नाव आपल्याला माहीत नाही. त्याचा जन्म कधी झाला हे सांगितलेले नाही. त्याचा मृत्यू झाला की नाही, झाला असल्यास तो भूतकाळात झाला की भविष्यकाळात, हेही ठाऊक नाही. तरीही गेल्या सव्वाशेहून अधिक वर्षांत कालप्रवासाच्या ज्या कथा जगभर लिहिल्या गेल्या, त्यांतील बहुसंख्य कथांवर त्याची छाया आहे. हा संशोधक म्हणजे इंग्रज लेखक एच. जी. वेल्स यांच्या 'द टाइम मशीन' (१८९५) या लघुकादंबरीचा नायक. इंग्रजीत तो 'टाइम ट्रॅव्हलर' या उपाधीने ओळखला जातो. आपण त्याला कालयात्री म्हणू.

मराठीच्या विद्यार्थ्याने या पात्राचा अभ्यास का करावा, असा प्रश्न आपल्या मनात येणे स्वाभाविक आहे. त्याची दोन उत्तरे आहेत. एक, मराठी विज्ञानकथेला ज्या प्रश्नांचा वारसा मिळाला, त्यांतील काहींची मांडणी या पात्रापाशी स्पष्टपणे झालेली दिसते. दोन, कालप्रवासाची कथा सांगताना भाषेची, विशेषतः क्रियापदांची, जी परीक्षा होते, तिच्यामुळे आपल्याच भाषेतील काळव्यवस्था आपल्याला नव्याने दिसू लागते.

२. विषय-विवेचन

२.१ यंत्रापूर्वीचा कालप्रवास

काळ ओलांडण्याची कल्पना फार जुनी आहे. भागवत पुराणाच्या नवव्या स्कंधात रैवत ककुद्मी राजाची कथा येते. आपली कन्या रेवती हिच्यासाठी योग्य वर कोण, हे विचारण्यासाठी राजा तिला घेऊन ब्रह्मलोकी जातो. तेथे गंधर्वांचे गायन चालू असते, म्हणून तो थोडा वेळ थांबतो. गायन संपल्यावर तो प्रश्न विचारतो, तेव्हा ब्रह्मदेव हसून सांगतात की, एवढ्या अवधीत पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटून गेली आहेत. राजाच्या मनातील वर तर सोडाच, त्यांचे वंशजही उरलेले नाहीत. अखेर रेवतीचा विवाह बलरामाशी होतो. अमेरिकन लेखक वॉशिंग्टन अर्विंग यांचा रिप व्हॅन विंकल (१८१९) डोंगरात झोपतो आणि वीस वर्षांनी जागा होतो. मार्क ट्वेन यांच्या १८८९ मधील कादंबरीचा नायक डोक्याला मार लागून राजा आर्थरच्या काळात पोहोचतो.

या कथांत एक समान गोष्ट आढळते. काळ ओलांडणारा माणूस तो स्वतःच्या इच्छेने ओलांडत नाही. ककुद्मी ब्रह्मलोकी गेला तो वर शोधायला, काळ जिंकायला नव्हे. येथे प्रवासाची दिशा निवडता येत नाही, वेग ठरवता येत नाही आणि परत फिरण्याची सोय नसते. काळ ही माणसावर ओढवणारी गोष्ट आहे, माणसाने हाताळायची गोष्ट नाही. यंत्राची कल्पना हा संबंध बदलते. मात्र यंत्राचा मान एकट्या वेल्स यांचा नाही, हेही लक्षात घ्यावे. एडवर्ड पेज मिचेल यांच्या १८८१ मधील अमेरिकन कथेत उलटे चालणारे घड्याळ आहे, तर एनरिके गास्पार या स्पॅनिश लेखकाच्या १८८७ मधील कादंबरीत काळातून उडणारे एक अवाढव्य वाहन आहे. वेल्स यांचे वेगळेपण दुसरीकडे आहे. त्यांनी यंत्राबरोबर युक्तिवाद आणला.

२.२ पहिला अवतार : डॉ. नेबोगिप्फेल

कालयात्रीला नाव नाही असे आपण म्हटले, परंतु आरंभी ते होते. १८८८ मध्ये वेल्स यांनी 'द क्रॉनिक अर्गोनॉट्स' ही कथा आपल्या शिक्षणसंस्थेच्या 'सायन्स स्कूल्स जर्नल' या विद्यार्थी-मासिकात क्रमशः लिहिली. तिच्या नायकाचे नाव डॉ. मोझेस नेबोगिप्फेल. (मराठी लेखनात 'वेल्स' हा देश आणि 'वेल्स' हा लेखक यांची नावे सारखीच उमटतात. म्हणून येथे देशाचा उल्लेख 'वेल्स देश' असा केला आहे.)

वेल्स देशातील एका आडगावात हा विचित्र दिसणारा माणूस येतो. ज्या पडीक घराविषयी गावात आधीच भीती आहे, तेच घर तो राहण्यासाठी निवडतो. रात्री तेथे चमत्कारिक उजेड दिसतो, यंत्रांची घरघर ऐकू येते. तो कुणाशी बोलत नाही. काय करतो ते सांगत नाही. आपण चुकीच्या काळात जन्मलो आहोत, असे मात्र त्याला आतून वाटत असते. गावात एक मृत्यू होतो आणि संशयाला तोंड फुटते : हा माणूस चेटूक करतो. जमाव त्याच्या घरावर चालून जातो. त्याला सावध करायला आलेला धर्मोपदेशक आणि तो स्वतः, दोघेही जमावाच्या डोळ्यांदेखत नाहीसे होतात. कथा पुढे थोडी सरकते आणि अपुरीच राहते.

या अपुऱ्या कथेत आपल्या विषयाचे बीज आहे. नेबोगिप्फेल जे करतो ते त्याच्या दृष्टीने विज्ञान आहे, गावाच्या दृष्टीने जादू आहे. दोहोंत नेमका फरक कोठे पडतो? यंत्र तर तेच आहे. फरक पडतो तो संवादाच्या अभावामुळे. संशोधकाने आपले काम उलगडून सांगितले नाही आणि गावाने विचारले नाही. जेथे प्रश्नोत्तरे थांबतात, तेथे विज्ञानालाही चेटकाचे रूप येते. आपल्याकडेही चेटकीण ठरवून बायामाणसांचा छळ होण्याच्या घटनांमागे हीच रचना दिसते : आधी संशय, मग शिक्षा, आणि चौकशी कधीच नाही. महाराष्ट्रात यासाठी २०१३ मध्ये जादूटोणाविरोधी कायदा करावा लागला, हे आपणांस ठाऊकच आहे.

२.३ निर्माता : एक बाह्य विद्यार्थी

या ठिकाणी लेखकाच्या आयुष्याकडे थोडे वळू, कारण दूरशिक्षण घेणाऱ्या वाचकाला त्यात आपुलकीचे काही सापडेल.

हर्बर्ट जॉर्ज वेल्स यांचा जन्म २१ सप्टेंबर १८६६ रोजी इंग्लंडमधील ब्रॉम्ली येथे झाला. वडिलांचे दुकान बेताचे चालत असे. १८८० मध्ये आईने ससेक्समधील 'अपपार्क' या सरदारी वाड्यात घरव्यवस्थापिकेची नोकरी धरली. मुलाला कापडाच्या दुकानात उमेदवारीला ठेवण्यात आले. दिवसभर कापडाच्या ताग्यांमागे उभे राहण्याचे ते काम त्याला असह्य झाले. १८८३ मध्ये त्याने ते सोडले, शाळेत शिकवत शिकवत स्वतः शिकला आणि १८८४ मध्ये शिष्यवृत्ती मिळवून लंडनच्या 'नॉर्मल स्कूल ऑफ सायन्स'मध्ये दाखल झाला. तेथे टी. एच. हक्स्ली यांच्याकडे त्याने जीवशास्त्राचे धडे घेतले. परंतु पुढे अभ्यासातून लक्ष उडाले आणि १८८७ मध्ये पदवी न घेताच त्याला बाहेर पडावे लागले. वेल्स देशातील एका शाळेत शिक्षक असताना फुटबॉलच्या मैदानावर मूत्रपिंडाला जबर दुखापत झाली आणि दीर्घ आजारपण आले. नेबोगिप्फेलची कथा त्यानंतरची आहे.

पुढे १८९० मध्ये वेल्स यांनी लंडन विद्यापीठाची बी.एस्‌सी. ही पदवी मिळवली ती बाह्य विद्यार्थी म्हणून, म्हणजे वर्गात न बसता, नोकरी करीत, स्वतःच्या अभ्यासावर परीक्षा देऊन. त्यानंतर काही काळ ते पत्राद्वारे शिक्षण देणाऱ्या एका संस्थेत अध्यापन करीत होते. १८९३ मध्ये प्रसिद्ध झालेले त्यांचे जीवशास्त्राचे पाठ्यपुस्तक अशाच विद्यार्थ्यांसाठी होते. काळाविषयीची विसाव्या शतकातील कल्पनाशक्ती घडवणारा हा लेखक अपयशानंतर, आजारपणानंतर आणि उपजीविकेच्या कामातून वेळ काढून पदवीधर झाला, ही गोष्ट आपण नोंदवून ठेवावी.

अपपार्कच्या वाड्यात आणखी एक गोष्ट होती. नोकरवर्गाचे व्यवहार तळघरात चालत आणि स्वयंपाकघराच्या बाजूने वाड्याकडे जायला भुयारी मार्ग होते. वरच्या मजल्यावरील सुख खालच्या मजल्यावरील श्रमांवर उभे असते, हे वेल्स यांनी पुस्तकात वाचण्याआधी प्रत्यक्ष पाहिले होते. कादंबरीतील भविष्याची रचना पाहताना हे उपयोगी पडेल.

२.४ नाव गळाले, पद उरले

१८८८ ते १८९५ या सात वर्षांत वेल्स यांनी ही कल्पना पुन्हा पुन्हा लिहून काढली. अखेरचे रूप १८९५ च्या जानेवारी ते मे या महिन्यांत 'न्यू रिव्ह्यू' मासिकातून आणि त्याच वर्षी ग्रंथरूपाने आले. या प्रवासात आडगाव गेले, जमाव गेला, पडीक घर गेले आणि नायकाचे नावही गेले. आता कथा लंडनजवळच्या रिचमंड येथील एका सुखवस्तू घरात, जेवणानंतरच्या गप्पांत सुरू होते. पाहुण्यांनाही बहुतेक नावे नाहीत. डॉक्टर, मानसशास्त्रज्ञ, महापौर, संपादक, पत्रकार असे ते व्यवसायाने ओळखले जातात. फिल्बी हा एक अपवाद.

व्याकरणाच्या भाषेत सांगायचे तर येथे सामान्यनामे विशेषनामांचे काम करतात. मराठी खेड्यात 'मास्तर', 'तात्या पोस्टमन', 'डॉक्टरीणबाई' ही नावे अशीच चालतात. परंतु कादंबरीत या योजनेला हेतू आहे. पाहुणे व्यक्ती म्हणून बोलत नाहीत, आपापल्या ज्ञानशाखेचे प्रतिनिधी म्हणून बोलतात. नेबोगिप्फेलपुढे जमाव होता, कालयात्रीपुढे एक छोटीशी न्यायसभा आहे. आणि तो तिच्यापुढे आपले म्हणणे मांडतो : कोणत्याही वस्तूला लांबी, रुंदी व जाडी असते, तसाच टिकण्याचा अवधीही असतो, क्षणभरही न टिकणारा घन अस्तित्वात असू शकत नाही, म्हणून काळ ही चौथी मिती मानली पाहिजे. आइन्स्टाइन यांचा विशिष्ट सापेक्षता सिद्धान्त १९०५ चा आणि मिंकोव्हस्की यांची अवकाश-काळाची मांडणी १९०८ ची. वेल्स यांनी ते शास्त्र आधीच सांगितले असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. चौथ्या मितीची चर्चा त्या काळच्या गणितज्ञांत होतीच. त्यांनी तिला कथेत आणले, एवढे नेमकेपणाने म्हणता येते.

युक्तिवादानंतर प्रयोग येतो. दोन वर्षे खपून केलेली यंत्राची लहानशी प्रतिकृती टेबलावर ठेवली जाते. तिची कळ मानसशास्त्रज्ञाच्याच बोटाने दाबवली जाते, म्हणजे हातचलाखीचा संशय नको. प्रतिकृती नाहीशी होते. तरीही पाहुण्यांचा विश्वास बसत नाही. मागच्या नाताळात याच गृहस्थाने त्यांना एक बनावट भूत दाखवले होते! फार हुशार माणसाचे खरे बोलणेही लोकांना क्लृप्ती वाटते, हा वेल्स यांचा मार्मिक टोला आहे.

२.५ आठ दिवसांचे चरित्र

पुढच्या गुरुवारी पाहुणे जमतात तेव्हा यजमान घरात नसतो. जेवण सुरू झाल्यावर तो येतो. कपडे मळलेले, चेहरा ओढलेला, चाल लंगडी, पायांत बूट नाहीत, मोजे फाटून रक्ताने माखलेले. दुपारी चार वाजता तो प्रयोगशाळेत होता. मधल्या काळात तो आठ दिवस जगून आला आहे.

तो पोहोचतो इसवी सन ८०२७०१ मध्ये. तेथे त्याला एलॉय नावाचे नाजूक, निरागस, निरुद्योगी लोक भेटतात. प्रथम त्याला वाटते की, सर्व गरजा भागल्यामुळे माणूस असा सुखासीन झाला असावा. मग त्याला जमिनीतील विहिरींसारखी विवरे आणि त्यांतून येणारी यंत्रांची धडधड आढळते. भूमिगत अंधारात राहणारे मोरलॉक त्याच्या दृष्टीस पडतात. तो आपला सिद्धान्त बदलतो : मालकवर्ग वर राहिला, श्रमिकवर्ग खाली ढकलला गेला आणि युगांनंतर त्यांच्या दोन जाती झाल्या. शेवटी त्याला कळते की, मोरलॉक एलॉयांना पोसतात ते खाण्यासाठी. त्याचा सिद्धान्त पुन्हा बदलतो. आधीचा अंदाज कोठे फसला हे तो श्रोत्यांना दर वेळी सांगतो. या कबुलीमुळेच त्याचे कथन जादूच्या बाजूने न झुकता संशोधनाच्या बाजूला राहते.

या प्रवासात त्याने वीना नावाच्या एलॉय मुलीला बुडताना वाचवले. इतर एलॉय नुसते पाहत होते. ती कृतज्ञतेने त्याच्यामागे फिरू लागली, त्याच्या खिशात फुले ठेवू लागली. रानातील वणवा आणि मोरलॉकांचा हल्ला यांत ती त्याच्या हातून निसटली. काळावर हुकूम चालवणारे यंत्र ज्याने बनवले, त्याला एका जीवाचे रक्षण करता आले नाही. आपल्याकडे 'काळ आला होता, पण वेळ आली नव्हती' अशी म्हण आहे. तीत काळ म्हणजे मृत्यू आणि वेळ म्हणजे त्याचा नेमका क्षण. कालयात्रीने काळाच्या एका अर्थावर विजय मिळवला, दुसऱ्या अर्थापुढे तो सामान्य माणसाइतकाच असहाय राहिला.

२.६ एलॉयांची भाषा

कालयात्री एलॉयांची भाषा शिकू पाहतो, तेव्हा त्याला ती अतिशय साधी वाटते : मूर्त वस्तूंची नामे आणि क्रियापदे, बहुधा दोन शब्दांची वाक्ये, भाववाचक शब्द जवळजवळ नाहीत, लाक्षणिक प्रयोग विरळा. हिरव्या चिनी मातीच्या प्रासादात, म्हणजे एका उद्ध्वस्त संग्रहालयात, त्याला पुस्तकांची लोंबणारी जीर्ण लक्तरे दिसतात. ग्रंथ गेले, अमूर्त शब्द गेले आणि त्यांबरोबर 'हे असे का?' असे विचारण्याची क्षमताही गेली, असे लेखकाला सुचवायचे आहे.

भाषाविज्ञानाचे विद्यार्थी म्हणून आपण येथे सावध राहिले पाहिजे. ज्ञात मानवी भाषांपैकी एकही 'अविकसित' नाही. अक्षरओळख नसलेल्या समाजांच्या भाषांतही गुंतागुंतीची व्याकरणव्यवस्था आढळते. समाजाच्या ऱ्हासाबरोबर व्याकरण सोपे होते, ही एकोणिसाव्या शतकातील समजूत आज मान्य नाही. तथापि शब्दसंपदेबाबत लेखकाचा इशारा निराळ्या अर्थाने विचार करण्याजोगा आहे. एखाद्या भाषेतून कायदा, विज्ञान, प्रशासन यांची चर्चा होईनाशी झाली, तर ती क्षेत्रे व्यक्त करणारे शब्द तिच्यात रुजत नाहीत. भाषा मरत नाही, पण तिचे बोलण्याचे विषय आकसत जातात. मराठीच्या संदर्भात हा प्रश्न आपल्या पिढीपुढे उभा आहे.

२.७ क्रियापदांचा पेच

कालयात्री घरी बसून सांगतो त्या आशयाचे एक वाक्य मराठीत करून पाहू :

(१) ८०२७०१ साली मी एका मुलीला वाचवले.

साल भविष्यातले, क्रियापद भूतकाळाचे. तरीही वाक्य आपल्याला खटकत नाही. आता रोजची वाक्ये पाहा :

(२) मी उद्या पुण्याला जातो.
(३) थांब, आलोच मी!
(४) परवा भेटलो. / परवा भेटू.

वाक्य (२) मध्ये वर्तमानकाळाचे रूप भविष्याचा अर्थ देते. वाक्य (३) उच्चारणारा माणूस अद्याप आलेला नसतो. क्रिया मनाने पूर्ण झाली आहे, म्हणून भूतकाळाचे रूप येते. वाक्य (४) मधील 'परवा' हा शब्द तर दोन्ही दिशांना जातो. तो मागचा की पुढचा, हे क्रियापद ठरवते.

हान्स रायखेनबाख या तत्त्वज्ञाने १९४७ मध्ये काळाच्या विश्लेषणासाठी तीन बिंदू सुचवले : उच्चारणकाल, घटनाकाल आणि संदर्भकाल. वाक्य (१) मध्ये पंचांगाप्रमाणे घटनाकाल उच्चारणकालाच्या पुढे आहे, पण वक्त्याच्या अनुभवाप्रमाणे तो मागे आहे. व्याकरणाने अनुभवाची बाजू घेतली. यावरून असे म्हणता येते की, क्रियापदाचे रूप पंचांगातील काळ दाखवत नाही. वक्ता त्या क्रियेकडे कोठून पाहतो, हे ते दाखवते. मराठी व्याकरणपरंपरेत लाख्यात, ताख्यात, ईलाख्यात अशी रूपांवरून दिलेली नावे आढळतात, त्यांचे मोल येथे कळते. रूप आणि काळ यांची एकास एक जोडी लावता येत नाही, याची ती जाणीव आहे. कालयात्रीला प्रवासासाठी यंत्र लागले. बोलणारा प्रत्येक माणूस क्रियापदांच्या आधारे असा प्रवास रोज करतो.

२.८ दोन फुले : पुराव्याचा प्रश्न

कथा सांगून झाल्यावर कालयात्री खिशातून दोन सुकलेली पांढरी फुले टेबलावर ठेवतो. डॉक्टर ती न्याहाळतो. ती कोणत्या कुळातील आहेत हे त्याला सांगता येत नाही. आणखी एक पुरावा आहे. यंत्र प्रयोगशाळेच्या ज्या कोपऱ्यातून निघाले, तेथे ते परतलेले नाही. मोरलॉकांनी ते भविष्यात जेवढे सरकवले होते, तेवढ्याच अंतरावर उभे आहे. संपादक तरीही ही साक्ष थोतांड ठरवतो.

दुसऱ्या दिवशी कालयात्री छायाचित्रणाचा कॅमेरा घेऊन पुन्हा निघतो. अर्ध्या तासात निर्विवाद पुरावा आणतो, असे सांगून जातो. निवेदक तीन वर्षे वाट पाहतो, तो परतत नाही. पुरावा आणायला गेलेला माणूसच नाहीसा झाला आणि निवेदकाजवळ उरली ती दोन फुले. मानवजातीच्या भवितव्याविषयी कालयात्री निराश होता. निवेदक त्याची साक्ष नाकारत नाही, पण भविष्य तसे नाही असे मानूनच जगले पाहिजे, या निष्कर्षाला येतो. बुद्धी आणि बळ लोपल्यावरही माणसाच्या हृदयात कृतज्ञता शिल्लक राहते, हे त्याला त्या फुलांनी सांगितले आहे. एकाच पुराव्यातून वैज्ञानिक एक गोष्ट वाचतो आणि मित्र दुसरी, हे आपण ध्यानात घ्यावे.

२.९ वारसा

कालयात्रीचा वारसा तीन दिशांनी पसरला. पहिला वारसा शब्दाचा : 'टाइम मशीन' ही संज्ञा वेल्स यांच्यामुळे रूढ झाली आणि मराठीत ती 'कालयंत्र' म्हणून आली. दुसरा पात्राचा : १९६० आणि २००२ मध्ये या कादंबरीवर चित्रपट निघाले. त्यांतील दुसऱ्याचे दिग्दर्शक सायमन वेल्स हे लेखकाचे पणतू. १९६३ मध्ये सुरू झालेल्या 'डॉक्टर हू' या ब्रिटिश दूरचित्रवाणी मालिकेचा कालप्रवासी नायकही पदवीनेच ओळखला जातो. १९९५ मध्ये स्टीफन बॅक्स्टर यांनी कादंबरीचा उत्तरार्ध लिहिला, त्यात नेबोगिप्फेल हे हरवलेले नाव एका सुजाण मोरलॉकला दिले.

तिसरा वारसा प्रश्नाचा आहे आणि तेथे मराठीशी खरा दुवा जुळतो. डॉ. जयंत नारळीकर यांनी १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेसाठी 'कृष्णविवर' ही कथा 'नारायण विनायक जगताप' या टोपणनावाने पाठवली. लेखकाच्या कीर्तीचा प्रभाव न पडता कथेचा निवाडा व्हावा, हा हेतू. त्यांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेत यंत्र नाही. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत एका अपघातानंतर अशा जगात जातात, जेथे १७६१ च्या पानिपतात विश्वासराव गोळीतून बचावले आणि मराठे विजयी झाले. ते परततात तेव्हा त्यांच्या खिशात बखरीचे एक फाटलेले पान असते. रिचमंडच्या टेबलावरील फुले आणि हे पान यांचे कार्य एकच आहे : अशक्य वाटणाऱ्या साक्षीला आधार देणे आणि ऐकणाऱ्याला विचार करायला भाग पाडणे. मात्र नारळीकरांच्या कथेतील श्रोता थट्टा करीत नाही. तो पान हातात घेतो आणि विज्ञानाच्या आधारे अर्थ लावू पाहतो. नेबोगिप्फेलला जमाव मिळाला, कालयात्रीला शंकेखोर पाहुणे मिळाले, गंगाधरपंतांना जिज्ञासू मित्र मिळाला. विज्ञानकथेचा विकास एका अंगाने श्रोत्याचाही विकास आहे, असे म्हणता येईल.

३. सारांश

पुराणकथांत काळ माणसावर ओढवतो, यंत्रकथेत माणूस काळाची दिशा निवडतो. वेल्स यांनी आधी जादूगार समजला गेलेला नेबोगिप्फेल रंगवला आणि सात वर्षांच्या पुनर्लेखनातून नाव नसलेला, पण युक्तिवाद करणारा कालयात्री घडवला. जादू आणि विज्ञान यांतील सीमा यंत्राने आखली जात नाही, विचारणे आणि उत्तर देणे यांनी आखली जाते. कालयात्रीचे कथन क्रियापदाची रूपे आणि पंचांगातील काळ यांतील अंतर दाखवते. आपण स्वतः नोकरी, घर, शेती सांभाळून दिवसातून काढलेला अभ्यासाचा तास पंचांगात लहान दिसतो; पण दुपारी चारपासून जेवणापर्यंतच्या अवधीत आठ दिवस सामावू शकतात, हे या कथेने आपल्याला दाखवले आहे. असाच काढलेला वेळ त्या कथेच्या लेखकालाही पदवीपर्यंत घेऊन गेला होता.

४. स्वयंअध्ययनासाठी प्रश्न

१. रैवत ककुद्मी आणि कालयात्री यांच्या कालप्रवासातील साम्यभेद सांगा.
२. नेबोगिप्फेलला गावाने चेटक्या का ठरवले? त्यातून लेखकाला काय सुचवायचे असावे?
३. 'एलॉयांची भाषा' या कल्पनेचे भाषावैज्ञानिक दृष्टीने परीक्षण करा.
४. आपल्या घरातील बोलण्यातून क्रियापदाचे रूप आणि प्रत्यक्ष काळ जुळत नाहीत अशी पाच वाक्ये टिपा व त्यांचा उच्चारणकाल आणि घटनाकाल दाखवा.
५. वीनाला वाचवण्यासाठी कालयात्री पुन्हा मागे गेला असेल का? कादंबरी यावर मौन बाळगते. आपले मत सुमारे २०० शब्दांत, कथेतील आधार देऊन मांडा.